खिंडीवरचा दोर

कळमदऱ्याहून उंबरेवाडीला जाताना मध्ये एक खिंड लागते. तिथे डांबरी रस्त्याच्या बरेच वर, या अंगाच्या झाडापासून त्या अंगाच्या झाडापर्यंत एक जाड दोर बांधलेला दिसतो. त्यात रानवेली गुंफलेल्या असतात. नवख्या माणसाला वाटते, कुणीतरी तोरण बांधले आणि काढायचे विसरले. गावातले म्हातारे कोंडाजीबाबा अशा पाहुण्यांना आधी गाडीतून खाली उतरवतात आणि दोराचा पीळ बघायला लावतात. दोर एकसंध नाही. अर्धा सुलट वळलेला, अर्धा उलटा आणि मधोमध गाठ. हे असे का, असे कुणी विचारल्याशिवाय बाबा पुढचे सांगत नाहीत. विचारले की दगडावर बसतात, आणि मग पाहुण्यांनी घाई करून उपयोग नसतो.

फार मागे ही खिंड मधून अशी उघडी नव्हती, असे सांगतात. अलीकडे कळमदऱ्याच्या कळमजाई देवीची राई, पलीकडे उंबरेवाडीला तिच्या भावाची, भैरोबाची. दोन्ही रायांचे रान खिंडीत एकमेकांत मिसळून गेले होते, आणि त्या गर्द फांद्यांवरून शेकरू दिवसभर इकडून तिकडे करायचे. शेकरू होता होईतो जमिनीला पाय लावत नाही, त्याची सगळी वाट झाडांवरून. ते देवीचे लेकरू, ते राईत आहे तोवर देवी राईत आहे, असे दोन्ही गावे मानायची. गावांमध्येही सोयरिकी होत्या. या गावची लेक त्या गावात, त्या गावची या गावात.

मग एका वर्षी वादळात खिंडीतली एक थोरली फांदी मोडली. झाड भैरोबाचे, फांदी पडली कळमजाईच्या अंगाला. राईतली वाळकी काडीसुद्धा घरी न्यायची नाही, हा नेम दोन्हीकडे होता. पण ही फांदी कोणत्या देवाच्या राईत कुजायची, यावरून दोन गावे हमरीतुमरीवर आली. चुलीसाठी भांडले असते तर समजलेही असते, असे बाबा म्हणतात. ते देवासाठी भांडले, म्हणून मिटता मिटेना. शेवटी जाणत्यांनी ठरवले की खिंडीतले रान तोडायचे आणि मध्ये मोकळा पट्टा ठेवायचा, म्हणजे या देवाचे पान त्या देवाच्या हद्दीत पडायला नको. पट्टा मोकळा झाला आणि दोन्ही गावांनी नारळ फोडले. त्या दिवसापासून सोयरिकी मोडल्या, येणेजाणेही बंद झाले.

ठकूबाई ही उंबरेवाडीहून कळमदऱ्याला आलेली शेवटची सून. पट्टा पडला तेव्हा ती नवी नवरी होती. तिचे माहेर खिंडीतून दिसायचे, चुलीचा धूर ओळखू यायचा, पण जाण्याची सोय नव्हती. आई तिकडे म्हातारी होत चालली आणि ठकूबाई इकडे लेकुरवाळी झाली. राईच्या कडेला हिरडे वेचायला गेली की ती वर बघत बसायची. माहेरी तिला शेकरू बघायची सवय होती. बायका तिला हसायच्या. म्हणायच्या, ठकूचे हात खाली आणि डोळे झाडावर.

बघता बघता तिच्या एक गोष्ट ध्यानात आली. कळमजाईच्या राईतले शेकरू बदलत चालले होते. अंगाचा तांबूस रंग फिका पडला, शेपट्या आखूड झाल्या. सगळे एकमेकांसारखे दिसू लागले, एका ताटात जेवणाऱ्या भावंडांसारखे. घरटी बांधली जायची, पण पिल्ले मोजकी, आणि त्यातलीही काही उडी चुकून खाली पडायची. पुढे पुढे घरटी नुसतीच लोंबत राहिली. सोमा भगताने देवीला कौल लावला. कौल आला की देवी निघाली आहे. शेवटचे शेकरू गेले की राई ओस पडेल आणि गावाने दुसरा आसरा शोधावा. लोकांनी आणखी कडक नेम धरले. राईत पाऊल टाकणेही बंद केले. शेकरू कमीच होत गेले.

देवळापुढे गाव बसले होते तेव्हा ठकूबाई उभी राहिली. बाईमाणसाने तिथे बोलायची रीत नव्हती.

"आपुन भावकीत सोयरीक करत न्हाई," ती म्हणाली. "लेक दुसऱ्या गावाला देतो, सून दुसऱ्या गावची आणतो. आन देवीच्या लेकरांना मात्र आपुन एकाच घरात कोंडलंय. त्यांनी सून कुठून आणायची?"

मग मागून कुणीतरी म्हणाले की हिला माहेरी जायचे आहे, शेकरू नुसते निमित्त. लोक हसले. तिचा नवरा लहानूही मान खाली घालून बसला, कारण त्यालाही आतून तसेच वाटत होते.

ठकूबाईला ते फार लागले. तिने तिथेच देवीच्या पायरीवर हात ठेवला. भैरोबाच्या राईतले शेकरू या राईत येईपर्यंत मी माहेरचा उंबरा चढणार नाही, असे ती म्हणाली. आई आजारी असल्याचा निरोप तिला गुराख्यांकडून आदल्याच आठवड्यात मिळाला होता. हे लहानूला ठाऊक होते. तो उठून तिच्या शेजारी उभा राहिला. मग हसणारे हसायचे थांबले.

झाडे लावली तरी ती वाढायला आयुष्य जाणार होते. म्हणून तिने अंबाडीचा दोर वळायला घेतला. पण दोराचे एक टोक पलीकडे बांधायला तिकडचा माणूस हवा. ती पट्ट्याच्या कडेला उभी राहून हाका मारू लागली. बरेच दिवस कुणी आले नाही. शेवटी तिचा भाऊ देवजी आला आणि दोर बांधून गेला.

त्या दोरावर शेकरू चढले नाही. पलीकडचे शेकरू टोकापर्यंत यायचे, हुंगायचे आणि मागे फिरायचे. पावसाळ्यात दोर कुजून तुटला. तिने दुसरा वळायला घेतला. गाव म्हणाले, हिची हौस काही फिटेना. तेवढ्यात देवजी पुन्हा कडेला आला. आईने अंथरूण धरले आहे, ती तुझे नाव घेते, एकदा येऊन जा, तुला कुणी अडवणार नाही, असे त्याने सांगितले. ठकूबाई रडली, पण पट्टा ओलांडला नाही. ती गेली असती तर राईबद्दल तिचे पुन्हा कुणी ऐकले नसते. आईला सगळे सांग, एवढेच ती म्हणाली. देवजीने सांगितले. आईने उलट निरोप धाडला की नुसता दोर शेकरांना कसा कळणार, त्यात राईच्या कडेच्या वेली गुंफ, आणि सगळा तू वळू नकोस.

माघात आई गेली. ठकूबाईने खिंडीतून तिरडी जाताना पाहिली. ती तिथेच बसून राहिली आणि लहानू तिच्याजवळ बसला.

तेरावे झाल्यावर देवजी खांद्यावर दोराचे वेटोळे घेऊन आला. वेली गुंफलेला अर्धा दोर होता. ठकूबाईने तो हातात घेतला आणि तिला पुढचे सांगावे लागले नाही. पीळ उलटा होता. तिची आई डावखुरी होती. अंथरुणावर पडल्या पडल्या तिने तो वळला होता. ठकूबाईने आपल्या अर्ध्या दोरातही वेली गुंफल्या. पट्ट्याच्या मधोमध बहीणभावाने दोन्ही टोकांची गाठ मारली, आणि ते बघायला दोन्ही कडांना जमलेल्या दोन गावांच्या माणसांनी पट्टा पडल्यापासून पहिल्यांदा मिळून तो दोर वर ओढला.

फाल्गुनात एका सकाळी भैरोबाच्या राईतून एक शेकरी निघाली. काळसर झुपकेदार शेपटीची. आईच्या पिळावरून ती सरळ आली, गाठीपाशी थांबली. खाली ठकूबाई मान वर करून बघत होती. मग शेकरी पुढे निघाली आणि कळमजाईच्या झाडात शिरली. ठकूबाई तशीच, कपाळाला नीट कुंकूही न लावता, दोराखालून चालत माहेरी गेली. भावजयीने पायांवर पाणी घातले. घरात आईची जागा रिकामी होती. तिथे ती दोर वळून उरलेला ओंजळभर अंबाडीचा वाख मांडीवर घेऊन बसली, असे सांगतात.

पुढच्या हंगामात राईतल्या घरट्यांतून पिल्लांचा आवाज आला. देवी गेली नाही, गावही उठले नाही. सोयरिकी पुन्हा सुरू झाल्या.

आजही कळमजाईच्या राईत फिक्या आणि काळसर, दोन्ही शेपट्यांचे शेकरू दिसतात. खिंडीत पुन्हा झाडे लावली होती, पण मधून रस्ता गेल्यामुळे वर फट राहिली ती राहिलीच. म्हणून आजही पाऊस सरला की दोन्ही गावच्या बायका दोर वळतात. उंबरेवाडीच्या बायका उलटाच वळतात. उजव्या हाताला ते जमत नाही, बोटे सोलतात, तरी कुणी सुलट वळत नाही. दोर वर चढला आणि त्यावरून एक तरी शेकरू पार झाले, की मगच नव्या नवऱ्या पहिल्यांदा माहेरी जातात. एखाद्या वर्षी शेकरू यायला उशीर करते. तेव्हा पोरी अलीकडे वर बघत थांबतात, आणि पलीकडे त्यांच्या आया.