उंबरकड्याची येसू पाथरवटीण

फार वर्षांपूर्वी, उंबरकड्याच्या पठारावर बैलगाडीची वाटही नव्हती तेव्हा, पठाराखालच्या गावात येसू नावाची पाथरवटीण राहायची. नवरा भिवजी दगड फोडून आणायचा आणि येसू त्याची जाती, पाटे घडवायची. तिच्या हातच्या जात्यावर कितीही दळलं तरी बाईचा खांदा भरून येत नसे, असं म्हणतात.

बाजाराचं गाव पठाराच्या पलीकडे होतं. एरवी वाट सोपी. पण श्रावणात धुकं उतरलं की माणसाला स्वतःचे पाय दिसत नसत. आणि पठाराची एक कड तुटलेली, खाली सरळ दरी.

एका श्रावणात भिवजी बाजारातून परतताना धुक्यात अडकला. येसू त्याला सामोरी गेली होती. तिला त्याचा आवाज आला, "येसू, कुठं हाईस?" तिनं जीव खाऊन हाक दिली, "इकडं या! माझ्या आवाजावर या!"

दरीनं ती हाक झेलली आणि भलतीकडून परत फेकली. भिवजी त्या हाकेवर चालत गेला. येसूला दगड गडगडलेले ऐकू आले. मग काहीच ऐकू आलं नाही.

त्या दिवसापासून येसूच्या जिवाला थारा उरला नाही. बसली की उठायची, उठली की चालायला लागायची. घास तोंडाशी नेला की हात तिथंच थांबायचा. माझ्याच आवाजानं त्यांना नेलं, हे काही केल्या मनातून जाईना. ती पुन्हा कधी मोठ्यानं बोलली नाही. दिवाळी सरली तशी एका सकाळी तिनं पहार, हातोडा आणि टाकी उचलली आणि पठार चढली.

वर दगडांना काय तोटा! ती त्यांची माणसं रचू लागली. दोन रुंद दगडांचे पाय, त्यावर उभट दगडाची छाती, त्यावर गोल डोकं. खांद्यातून दगडाची एक लांब, चपटी चीप आडवी काढलेली, तो हात. ना चुना, ना माती. दगडावर दगड असा बसवायचा की वाऱ्यानं ढकलून दमावं. एका दगडी माणसाच्या हाताच्या रोखानं दहा पावलं टाकली की दुसरा माणूस हाताला लागायचा.

बाई वेडी झाली, असं गाव म्हणू लागलं. म्हातारे पाटील धापा टाकत वर आले. "येसू, खाली चल. दगड रचून गेलेलं माणूस येतंय व्हय?"

येसूचे हात थांबले नाहीत. हळूच म्हणाली, "त्यांना आणाया नाही रचत, पाटील. आता आणखी कुणी जायला नको."

"मग हाक माराया माणूस बसवू की."

"हाक फिरते. दगूड फिरत नाही."

सात वर्षं ती रचत राहिली. तिनं दगडाला कान लावला की मोठमोठे धोंडे आपसूक हलके व्हायचे, असं म्हणतात. पण समाधान म्हणून नाही. केलेल्या माणसाचा हात जरा वाकडा वाटला की ती मागं फिरायची, सगळं उतरवायची, पुन्हा रचायची. वाट जवळजवळ बांधून झाली. फक्त कडेच्या वळणावरचा एक माणूस उभा राहीना. तीनदा उभा केला, तीनदा पावसानं पाडला.

आठव्या श्रावणात नागपंचमीला माहेरवाशिणी पठार ओलांडत होत्या. पुढं ठकू होती, तिच्या कडेवर तान्हं पोर. मधेच धुकं कोसळलं. पोरी घाबरून ओरडल्या, "कुणी हाय का?" दरीतून उत्तर आलं, "हाय का... हाय का..." पोरी तिकडं वळल्या.

येसू त्या वळणावरच होती. हाक तिच्या गळ्यापर्यंत आली. तिनं दात आवळले, पडलेल्या दगडांवर पाय रोवले आणि वाटेच्या रोखानं हात पसरून उभी राहिली.

तेवढ्यात ठकूचा हात एका दगडी हाताला लागला. तिनं बाकीच्यांना पदराला धरायला लावलं आणि एकाकडून दुसऱ्याकडं, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडं चालू लागली. वळणावर आल्यावर ती म्हणाली, "अगं, हा दगूड हाताला ऊन ऊन लागतोय." पण भीतीनं कुणी थांबलं नाही. सगळ्या सुखरूप खाली उतरल्या.

दुसऱ्या दिवशी ठकूचं बोलणं ऐकून गाव वर धावलं. वळणावर येसू नव्हती. हातोडा होता, टाकी होती, आणि काळ्या दगडात चार बोटं खोल गेलेली दोन पावलं होती. कुणी म्हणतं, ती दरीत गेली. कुणी म्हणतं, तिला कुठं स्वस्थ बसवतंय, ती दुसऱ्या पठारावर दगड रचायला निघून गेली.

गावानं ती जागा दगडानं भरली नाही. अजूनही श्रावणात धुकं उतरलं की घरटी एक माणूस आळीपाळीनं त्या दोन पावलांत पाय ठेवून, हात पसरून उभं राहतं. सरपंचाला चुकत नाही, नव्या सुनेला चुकत नाही. उभं राहणाऱ्यानं तोंड उघडायचं नाही. तिथं पायांना कसल्या मुंग्या येतात, सारखं चालावंसं वाटतं, असं उभे राहिलेले सगळेच सांगतात. तरी धुकं विरेपर्यंत कुणी हलत नाही. वाटसरू धुक्यातून येतो, चाचपडत तो हात धरतो, आणि हात कुणाचाही असो, म्हणतो, "येसू, निघालो गं."