केरबाची पाठुंगळी

माझं कुणी खरं मानत नाही. सगळं गाव म्हणतं, मीच बिघडवलं. आता तुम्हीच ऐका आणि सांगा.

कुसळवाडीत एक भोळा गडी राहायचा, केरबा. माझ्या बहिणीचा मुलगा. सोयरीक जमेना. मी मोबाइलवर कोरियाची मालिका बघते. त्यातला हिरो बायकोवर ओरडत नाही. उलट विचारतो, "जेवलीस का?" आमच्या जन्मात कुणी विचारलं? म्हणून केरब्याला म्हटलं, "तसा वाग. बाईच्या हातात ओझं दिसलं की पुढं होऊन घ्यायचं."

गावातल्याच शामलला बघायला गेलो. ती पोह्यांचं ताट घेऊन आली. केरब्या उठला, ताट घेतलं आणि तडक घरी चालता झाला. पाच बशा, सहा चमचे.

"घेतलं, मावशी."

"अरे येड्या, पळायचं नसतं! तिथंच थांबून टक लावून बघायचं. पापणीसुद्धा हलवायची नाही."

शामल मात्र हसून हसून लाल. म्हणाली, "मला हाच पाहिजे." तिच्या बापानं नाक मुरडलं, पण लग्न ठरलं.

मांडव घालताना शिडी सटकली. सासरा आडव्या बांबूला लोंबकळला.

"जावईबापू, धरा!"

"बघतोय, मामा."

"अहो, पडतोय मी!"

"पापणी हलवली नाही, मामा."

सासरा धपकन शेणात. मी केरब्याचा कान पिळला. "मेल्या, माणूस खाली जाताना दिसलं की धरायचं! पाठुंगळीला घ्यायचं आणि पळत सुटायचं. लंगडणाऱ्या पोरीला तो हिरो कसा नेतो?"

"कळलं."

लग्नाचा दिवस. केरब्या पाटावर. सासूबाई त्याचे पाय धुवायला खाली वाकल्या. केरब्यानं बघितलं, बाई खाली चालली. घेतलं पाठुंगळीला, सुटला! बँडवाल्यांना वाटलं वरात निघाली, तेही वाजवत मागं.

सासरा बोंबलला, "लग्न मोडलं!"

पाठीवरनं सासूबाई कडाडल्या, "मोडून तर बघा! तीस वर्षांत मला सायकलवर बसवलं नाही तुम्ही! जावईबापू, वेशीला आणखी एक चक्कर."

जाताजाता केरब्यानं विचारलं, "आत्या, जेवलात का?" बाई रडायलाच लागल्या.

तीन चकरा झाल्यावर लग्न लागलं. पण दुसऱ्या दिवशी गावातल्या सगळ्या बायका "पाठुंगळीला घ्या" म्हणत आपापल्या नवऱ्यापुढं उभ्या. कंबर धरलेले बाप्ये केरब्याच्या दारात आले. "कुणी शिकवलं रे तुला हे?"

मी दाराआड लपले. भोळा तो, खोटं येतंय कुठं? दार उघडून बोट दाखवून म्हणाला, "मालनमावशी!"