येसूची वाट आणि कारवी हे नाव

माचीच्या वर, उतारावरच्या हिरव्या कारवीत मधोमध एक जांभळा पट्टा कड्यापर्यंत चढत गेलेला दिसतो, ती येसूची वाट. बाकीचा उतार अजून फुललेला नाही, कारण त्याची वेळ आलेली नाही. कारवी सात वर्षांनी फुलते, सगळी एकदम फुलते आणि फुलून झाली की वाळून जाते. हा पट्टा मात्र त्या हिशेबात बसत नाही. सगळा उतार थांबलेला असतो तेव्हा तो फुलतो. एक संशोधक साहेब येऊन माती आणि पानं घेऊन गेले. म्हणाले, दोन वयांची झुडपं शेजारी शेजारी वाढली असतील. असतील बापडी. आमच्या हिरडेमाचीत त्याचं कारण वेगळं सांगतात.

मी ठमाबाई लांघी. डोंगर बघायला आलेल्यांना मी जेवू घालते, आणि कुणी विचारलं तर वाटेची हकिगतही सांगते. एरवी शांतपणे सांगते. परवा नाशिकची मंडळी आली आणि माझं डोकं फिरलं.

नवरा निखिलेश, बायको मुग्धा, आणि मांडीवर दोनेक महिन्यांची मुलगी. जेवता जेवता मुग्धा म्हणाली, "मावशी, हिचं बारसं राहिलंय. नाव ठरवलंय आम्ही, कारवी." मला बरं वाटलं. आमच्या माचीबाहेर हे नाव कुणी ठेवलेलं मी ऐकलं नव्हतं. मग निखिलेशने फोन काढून अर्थ वाचून दाखवला. कारवी म्हणजे नाजूक, कोमल, दुर्मिळ सौंदर्य असलेली. रास मिथुन, शुभ रंग जांभळा.

कारवी आणि नाजूक! म्हटलं, उठा, बाहेर या, आणि ते पान जरा गालावर घासून बघा. दाढी खरवडून निघेल. ज्या भिंतीला टेकून तुम्ही जेवलात ना, ती कारवीच्या काठ्यांची आहे. वरून शेणमाती लिंपलेली म्हणून दिसत नाही. या डोंगरावर वारा माणसाला उभं राहू देत नाही, तो वारा ती अडवते. वर्षानुवर्षं तिच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही, आणि फुलली की फोटोसाठी तिच्यात लोळायला येता. कुणी लिहिला हा अर्थ? ज्याने लिहिला त्याने कारवी पाहिली तरी आहे का?

निखिलेशने फोन खाली ठेवला. मुग्धा म्हणाली, "मग खरा अर्थ तुम्ही सांगा." तो मी सांगितला, तोच इथे सांगते.

फार जुनी गोष्ट आहे, असं सांगतात. माचीवर राघू नावाचा माणूस राहत होता. त्याची बायको बायजा. बायजाला पहिल्या दोन मुली होत्या आणि तिसरीही मुलगीच झाली. त्या साली सगळा उतार फुलला होता आणि मधमाश्यांचा आवाज घरात ऐकू येत होता म्हणे. राघूच्या घरात मात्र कुणी गेल्यासारखी शांतता होती.

त्याने तिसरीचं नाव नकुशी ठेवायचं ठरवलं. नको असलेली, ती नकुशी. असं नाव ठेवलं की मुली पुरे झाल्या हे देवाला कळतं आणि पुढचा मुलगा होतो, अशी समजूत होती. देवाला काय कळायचं ते कळो. त्या मुलीला मात्र पहिल्या हाकेपासून कळतं, आणि ती मरेपर्यंत लोक तिला रोज तेच ऐकवत राहतात. दळायला बोलावताना नकुशी, जेवायला बोलावताना नकुशी. ही समजूत ज्याच्या डोक्यातून पहिल्यांदा निघाली त्याला एक दिवस तरी त्या नावाने हाका मारायला हव्या होत्या.

पण नाव राघूने ठरवलं तरी ते ठेवणार आत्या. ही रीत तुमच्याकडेही आहे. आत्याने बाळाच्या कानात नाव सांगायचं, मग जमलेल्या बायांनी हसत हसत तिच्या पाठीत धपाटे घालायचे. आमच्या माचीत त्यापुढे आणखी एक होतं. आत्याने एकदा कानात सांगितलेलं नाव कुणालाही, अगदी बापालाही, बदलता येत नसे.

राघूला एकच बहीण उरली होती, त्याच्यापेक्षा मोठी. कड्यापलीकडच्या खोऱ्यात तिचं सासर होतं. तिकडे तिला येसू म्हणत. ते नाव तिला लग्नात मिळालेलं. माहेरी तिचं नाव नकुशी. तीही मुलींच्या पाठीवर झालेली मुलगी होती आणि तिच्या पाठीवर राघू झाला होता. म्हणजे त्याच्या दृष्टीने हे नाव अनुभवाचं होतं.

बारशाला येसू कडा उतरून आली. कारवी डोक्याच्या वर वाढलेली, वाट दिसत नव्हती, म्हणून दोन्ही हातांनी फांद्या बाजूला सारत ती खाली आली. तिने बाळासाठी स्वतः शिवलेली कुंची आणली होती. राघूने तिला पाणी दिलं आणि अंगणातच सांगून टाकलं, "आक्का, नाव ठरलंय. तुझंच ठेवायचं. नकुशी."

येसू म्हणाली, "माझं?"

"मग? तुझं नाव ठेवलं म्हणून मी झालो. गुणाचं नाव हाये. तुझा मानच हाये त्यात."

हे तो चिडवायला बोलला नव्हता. आपण बहिणीचा मान करतोय असंच त्याला मनापासून वाटत होतं, आणि मला सगळ्यात जास्त संताप याचाच येतो. मुद्दाम केलेला अपमान निदान करणाऱ्याला कळत तरी असतो. या माणसाने जन्मभर बहिणीला नको म्हणून मारलेल्या हाका ऐकल्या, आणि तिला त्यात कौतुक वाटत असेल असं तो धरून चालला होता.

येसूने पाण्याचा तांब्या खाली ठेवला. आत जाऊन बायजाजवळ बसली. बायजा बाजेवर होती, तिने फक्त नणंदेचा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही म्हणतात. ती तरी काय बोलणार? तिसरी मुलगी झाल्यावर त्या घरात तिला कुणी तोंड उघडू दिलं नसतं.

माचीतल्या बाया जमल्या. बाळाला पाळण्यात घातलं. राघू दारात उभा होता. येसूने बाळाला कुंची घातली, वाकून कानाशी तोंड नेलं आणि नाव सांगितलं. बाया लगेच तिच्या पाठीत धपाटे घालायला लागल्या आणि विचारायला लागल्या, काय ठेवलं गं, काय ठेवलं?

येसू सरळ उभी राहिली आणि म्हणाली, "कारवी."

असं नाव त्याआधी माणसाला कुणी ठेवलं नव्हतं. बायांना वाटलं ही थट्टा करतेय. राघू आत आला. "पुन्हा सांग," म्हणाला, "नीट सांग."

"सांगून झालं," येसू म्हणाली. "कानात सांगितलेलं बदलत न्हाई."

"हे काय नाव हाये?"

"या घराच्या भिंती कशाच्या हायेत? कारवीच्या. तिला कुणी नको म्हणतं का? काढून टाक सगळी, आणि मग ऱ्हा बायकापोरांना घेऊन या वाऱ्यात. जिच्या जिवावर घर उभं ऱ्हातं तिचं नाव ठेवलंय मी. मला जे दिलं ते हिला न्हाई देणार."

हा खरा अर्थ. घर उभं धरणारी. यात कुठे नाजूक बसतं ते तुम्हीच मला सांगा.

राघूच्या हातात गुरांची काठी होती. ती त्याने येसूच्या पाठीत घातली. बायांचे हात तेव्हा तिच्या पाठीवरच होते असं सांगतात. त्यांनी ते काढून घेतले, मागे सरल्या आणि बघत राहिल्या. राघूवर माझा राग आहेच, पण या बायांवरही आहे. इतक्या जणी होत्या. एकीने मध्ये हात घातला असता तर काय झालं असतं?

राघूने तिला साडीचोळी केली नाही, भाकरीही विचारली नाही. दाराकडे बोट दाखवून म्हणाला, "हा उंबरा तुला बंद. त्या उतारावर कारवी आडवर्षी फुलली तरच माझ्या दारात ये." आडवर्षी म्हणजे आपली वेळ सोडून मध्येच. तसं कधी होत नाही म्हणून तर तो बोलला. बहिणीला माहेर मिटलं असंच त्याला म्हणायचं होतं.

येसू आली तशी गेली. कमरेत वाकून, फुललेल्या कारवीला धरत धरत ती उतार चढली. ती कड्याच्या पलीकडे दिसेनाशी होईपर्यंत बायजा कुडाच्या फटीतून बघत होती म्हणे.

त्या साली फुलून झालेली कारवी वाळली, लोकांनी काठ्या तोडून नेल्या, पावसात नवी रोपं आली. मुलगीही वाढली. राघू तिला नकुशीच म्हणायचा आणि ती ओ द्यायची नाही. बाकी माची तिला कारवी म्हणत होती, कारण रीत मोडायची हिंमत राघूलाही नव्हती. पुढे राघूला मुलगा झाला की नाही, हे गोष्टीत कुणी सांगत नाही आणि मी कधी विचारलं नाही.

मग एका भाद्रपदात, फुलायला अजून बराच अवकाश असताना, उतारावर जांभळी रेघ उमटली. येसूने जिथे जिथे फांद्या धरल्या होत्या तिथेच, माचीपासून थेट कड्यापर्यंत. सगळी माची अंगणात येऊन बघत राहिली. राघूनेही पाहिली. चारचौघांनी त्याला आठवण करून दिली, तू बोलला होतास, आता बहिणीला आण. तर तो म्हणाला, "गुरं फिरली असतील तिथनं. त्यानं काय व्हतंय?"

देवाने त्याच्या अटीप्रमाणे फुलं आणून दाखवली, तरी त्याला गुरंच दिसली. आपण बोललो ते चुकलं, एवढं म्हणण्यापेक्षा डोंगर खोटा पडलेला चालतो काही माणसांना. पुढच्या साली वाट पुन्हा फुलली. त्याच्या पुढच्या सालीही फुलली. राघू तिकडे पाठ करून बसायला शिकला.

शेवटी त्या मुलीनेच आईला विचारलं, "मला कारवी नाव कुणी ठेवलं?" बायजाने हातातलं काम टाकलं, मुलीचा हात धरला आणि नवऱ्याला न विचारता उतार चढून गेली. फुललेल्या वाटेनेच गेली. कडा ओलांडून येसूच्या सासरी पोचली आणि दारात म्हणाली, वन्संना न्यायला आलेय.

येसू त्याआधीच्या थंडीत गेली होती.

सासरच्यांनी सांगितलं, दर भाद्रपदात ती कड्यावर जाऊन बसायची आणि इकडे बघायची. फुललेली वाट तिने पाहिली होती. अट पुरी झालीय हे तिला कळलं होतं. पण बोलावणं आलं नाही, म्हणून ती उतरली नाही.

इथे आलं की दर वेळी माझा आवाज चढतो. काय मागितलं होतं त्या बाईने? शेत नाही, दागिना नाही. एका पोरीला चांगल्या नावाने हाक मारा, एवढंच. त्यापायी तिचं माहेर गेलं, आणि फुलं फुलूनही एक माणूस तो कडा चढला नाही.

बायजा परत आली. थोड्या दिवसांनी माचीत दुसऱ्या एका घरी बारसं होतं. आत्या पाळण्यावर वाकली, तिने नाव सांगितलं आणि बायांनी रीतीप्रमाणे हात उगारले. तेव्हा बायजा पुढे झाली आणि त्या आत्याच्या पाठीला आपली पाठ लावून उभी राहिली. म्हणाली, "पुरे. आपल्या माचीतल्या आत्यांनी खाल्लाय तेवढा मार बास झाला." बायांनी हात खाली घेतले.

आजही हिरडेमाचीत बारशाला आत्याच्या पाठीत धपाटा घालत नाहीत. नाव सांगून झालं की घरची सून तिच्यामागे उभी राहते. नकुशी नावाची मुलगी त्यानंतर माचीत झाली नाही. आणि आजही वाट आडवर्षी फुलते, ती तुम्ही बघताच आहात.

एवढं सांगून मी थांबले. मुग्धाच्या डोळ्यांत पाणी होतं. ती म्हणाली, "मावशी, आता तर हेच नाव ठेवायचं."

मी म्हटलं, "ठेवा की. आत्या कोण आहे हिची?"

मग निखिलेश म्हणाला, "माझी मोठी बहीण आहे. पण ती येणार नाही. आमचं बोलणं नाही सध्या."

"का?"

मुग्धाच म्हणाली, "सासऱ्यांच्या मागे घर यांच्या नावावर करायचं होतं. ताईंनी हक्कसोडपत्रावर सही केली नाही. तेव्हापासून यांनी बोलणं टाकलंय. बारशाचंही कळवलेलं नाही."

मला काय वाटलं ते मी लपवलं नाही. म्हटलं, "बाबा रे, माझ्या घरी जेवलास म्हणून सांगते. नाव हवं आणि नाव देणारी नको, हे आमच्याकडे चालत नाही. आत्या नसेल तर मुलीचं काहीही नाव ठेव, हे ठेवू नकोस."

मुग्धाने बाळाला खांद्यावर घेतलं, उठली आणि नवऱ्याला म्हणाली, "मी जाते ताईंकडे. आजच जाते. तुला यायचं तर ये."

मी तिला अडवलं नाही. फक्त म्हटलं, "लवकर जा, पोरी. बायजाला उशीर झाला होता."