राजकन्या शर्वरी आणि आरशातली मुलगी

एका राज्यात हेमांगद नावाचा राजा होता. तिथे पक्षी माणसांची भाषा बोलत आणि त्याचे कुणाला नवल वाटत नसे. नवल वाटे ते राजकन्या शर्वरीचे. ती कुणाच्या डोळ्यांत पाहत नसे. कोरा भात तेवढा खाई. त्याला वरणाचा थेंब लागला की पान सारी. दिवसभर तळ्याकाठी खेळण्यातल्या पितळी रथाचे चाक फिरवत बसे. जरीचे कपडे तिला टोचत. नगारा वाजला की कान झाकून किंचाळे. काही विचारावे, तर विचारणाऱ्याचेच शब्द परत देई. राणी कुमुद्वती मात्र तिच्या नुसत्या गुणगुणण्यावरून तिच्या मनातले ओळखी.

एके दिवशी भैरुंड जादूगार दरबारात आला. "महाराज, ही तुमची कन्या नव्हे. खरी यक्षांनी पळवली. ही मला द्या, ती तुम्ही घ्या."

त्याने राजाच्या डोळ्यांवर फुंकर घातली. राजाला पोटची पोर परकी दिसू लागली. मग भैरुंडाने आरशातून एक मुलगी बाहेर काढली. तिने गोड हसून नमस्कार केला.

राजवाड्यातली मैना राणीच्या कानाशी आली. "राणीसाहेब, तुमच्या होकारावाचून त्या आरशातल्या मुलीत जीव येणार नाही. तुम्ही नाकारलेत, तर सारी माया तुटेल."

भैरुंड गरजला, "शर्वरी तुमचीच असेल, तर तिने जरी ल्यावी, पित्याच्या डोळ्यांत पाहावे, त्यांना हाक मारावी!"

नगारे झडले. दासींनी जरीचा परकर पुढे केला. शर्वरीने जमिनीवर अंग टाकले आणि आक्रोश मांडला. तिन्हींतले काहीच झाले नाही.

"राणी, होकार द्या," राजा म्हणाला.

राणी उठली. "आधी नगारे थांबवा."

दरबार शांत झाला. राणीने अंगावरचा जरीचा शेला उतरवला, वाजणाऱ्या बांगड्या काढल्या आणि लेकीला हात न लावता तिच्याजवळ भुईवर बसली. बराच वेळ गेला. रडे ओसरले. शर्वरी सरकत सरकत आली आणि तिने आईच्या पाठीला पाठ टेकली.

"माझी आहेस तू," राणी हळूच म्हणाली.

"माझी आहेस तू," शर्वरी म्हणाली.

राणीने मान वर केली. "भैरुंडा, मला दुसरी नको."

आरशातली मुलगी कापरासारखी उडून गेली. भैरुंडाचा धूर झाला. राजाच्या डोळ्यांवरची भूल उतरली आणि तो भर दरबारात रडला.

त्या राज्यात पुन्हा नगारा वाजला नाही. दुसऱ्या सकाळी राजा मुकुट काढून, अनवाणी, एकटाच तळ्याकाठी लेकीकडे गेला.

"बसू का मी इथे?"

शर्वरीने पाहिले नाही. थोडीशी बाजूला सरकली आणि तिने बापाला जागा करून दिली.