कोतवालाचा प्रवेश

“मग तो प्रवेश कापू का, मास्तर?”

लटारू मास्तर अंगणात दाढी करत बसले होते. त्यांनी आयुष्यभर झाडीपट्टीत नाटकं लिहिली, बसवली आणि स्वतः तोंडाला रंग लावून केली. त्यांनी आरशातून नजर काढली नाही.

“कोणता गा?”

“कोतवालाचा. चोरीच्या रेतीचा टिप्पर अडवतो तो.”

कोतवाल याच गावचा, तलाठ्याच्या हाताखालचा. मागच्या उन्हाळ्यात टिप्परखाली गेला. पोलिसांनी अपघात लिहिला. समोर उभ्या चेतन गुरनुलेनं नाटकात खून लिहिला.

“काप म्हणतो कोण?”

“मंडळाचे अध्यक्ष. टिप्पर त्यांचाच ना जी! प्रवेश ठेवला तर मैदान देणार नाही म्हणतात.”

“नाटक कोणी लिहिलं?”

“मी.”

“बसवलं?”

“मीच.”

“कोतवालाचं काम?”

“तेही मीच करतो. मुंबईत शिकून आलो मास्तर, दोन मालिका केल्या. माझ्या तोडीचा इकडे आहे कोण?”

“अध्यक्ष आहे ना गा. तुला तीन कामं करावी लागतात. त्याचं एका शब्दात भागतं.”

चेतनचा चेहरा उतरला.

“एकच प्रवेश आहे जी. बाकी सगळं राहतं. गाणी राहतात, विनोद राहतो…”

“कोतवालाची बायको येणार आहे का नाटकाला?”

“येणार आहे जी.”

“मग प्रवेश कापून कुठं बसवशील तिला?”

मास्तरांनी अर्धवट दाढीचा साबण पुसला. गोठ्यातून फावडं आणि घमेलं काढलं आणि मागच्या धानाच्या बांधीत उतरले. धान कापून झालं होतं. नुसती धसकटं उभी होती.

इकडची रीत जुनी आहे. जमीन खणायची, त्या खड्ड्यात प्रेक्षक बसवायचे आणि निघालेल्या मातीचा काठावर मंच रचायचा.

मास्तरांनी फावडं मारलं.

“हे काय करता, मास्तर?”

“मैदान.”

“तुमचं वय काय! थांबा, मजूर सांगतो.”

“सांग. सगळे रेतीवर आहेत. अध्यक्षाला विचारून येतील.”

दुसरा घाव. तिसरा. मास्तरांना धाप लागली. घमेलं भरलं, पण उचलेना.

चेतन बांधावर उभा होता. पायात पांढरे बूट, डोळ्यांवर काळा चष्मा.

“मी दिग्दर्शक आहे, मास्तर.”

“मग दाखव ना. मंच कुठं पाहिजे?”

मास्तरांनी पुन्हा फावडं मारलं.

चेतननं चष्मा खिशात घातला. बूट काढून बांधावर ठेवले, खाली उतरला आणि घमेलं उचललं. माती काठावर ओतली. परत आला. मास्तरांच्या हातातलं फावडं त्यानं न विचारता काढून घेतलं.

ऊन चढलं. खड्डा गुडघ्याएवढा झाला. चेतनच्या तळहाताला फोड आले, तरी तो थांबला नाही.

“प्रवेश राहील, मास्तर.”

बसल्या बसल्या मास्तर ढेकळं फोडत होते.

“किती खोल खणायचं?”

“अध्यक्ष पहिल्या रांगेत बसतो ना?”

“दरवर्षी. पण यंदा तो कशाला येईल?”

“येईल गा. आपलं नाव निघतं का, हे ऐकायला तरी येईलच.”

“मग… किती खोल?”

“कोतवालाकडं बघायला त्याला मान वर करावी लागेल, इतकं.”