अभय दिलेल्या डोंगरातला गवा

पूर्वी शैलपूर नगरात अरिमर्दन नावाचा राजा राज्य करीत होता. त्या काळी बोधिसत्त्व गव्याच्या योनीत जन्मले आणि नगराबाहेरच्या डोंगरातील कळपाचे नायक झाले. साग, ऐन, धावडा यांचे ते रान उन्हाळ्यात उघडेबोडके होई. मग कड्याखालचा एकच झरा जिवंत राही आणि सारी जनावरे तिथे पाण्याला येत.

राजाला उतारवयात मुलगी झाली. त्या आनंदात त्याने डोंगराला अभय दिले. या रानात कोणी बाण सोडू नये, अशी दवंडी फिरली. पुढे कित्येक वर्षे कोणी सोडला नाही. माणसाची चाहूल लागली तरी सांबरे मान वर करीनाशी झाली. लाकूडफाट्याला आलेल्या बायकांच्या वाटेत गव्यांची वासरे खुशाल बसून राहत.

एका वैशाखात शेजारचा राजा पाहुणा आला. त्याला शिकारीचे वेड होते. वनाध्यक्ष कालसेन म्हणाला की, इथली जनावरे माणसाला भीत नाहीत, झऱ्यावर बसले तर पाहुण्यांना घामसुद्धा यायचा नाही. राजाला आपला शब्द आठवला, पण पाहुण्याला नाही म्हणणे त्याला कमीपणाचे वाटले.

दुसऱ्या सकाळी राजा पाहुणा व कालसेन यांच्यासह घोड्यावरून झऱ्यावर गेला आणि झरा लाल झाला. बाण लागेपर्यंत एकही जनावर पळाले नाही. सावळी नावाच्या गवीचे वासरू पाण्यातच पडले आणि ती त्याला चाटत उभी राहिली.

बोधिसत्त्व कड्यावर चरत होते. ते धावत खाली आले. राजाचा घोडा बुजला आणि राजा दगडांत आपटला. पाहुणा व कालसेन त्याला टाकून पळाले. बोधिसत्त्वांचे शिंग राजाच्या छातीला टेकले. क्रोधाने त्यांचे अंग थरथरत होते.

"नायका, भोसक त्याला," सावळी म्हणाली. "माझे लेकरू याच्या भरवशावर पाण्यात उतरले होते."

राजाने हात जोडले. डोंगराला पुन्हा अभय देतो, म्हणाला.

"तुझे अभय नको," बोधिसत्त्व म्हणाले. "वाघ वाघ म्हणून येतो, आम्ही पळतो. तू आधी आमचे पळणे काढून घेतलेस आणि मग मारायला आलास. राजा, मला तुझी किळस येते. आता खरी दवंडी पिटव. आम्हाला सावध होऊ दे."

मग त्यांनी शिंग मागे घेतले. याला मारून वासरू उठणार नाही, उलट याची माणसे सारे रान जाळतील, असे त्यांनी सावळीला सांगितले. तिने वासराला शेवटचे चाटले. कळप डोंगरापलीकडे निघून गेला.

राजाने कालसेनाला पदावरून काढले आणि लंगडत, स्वतः ढोल घेऊन रानात फिरला. "राजाने शब्द मोडला आहे. जगायचे असेल त्याने राजापासून दूर राहावे," असे तो ओरडून सांगे. त्यानंतर तिथे शिकार झाली नाही. पण राजाला मरेपर्यंत एकही गवा दिसला नाही, आणि त्याने ते निमूट सोसले.

ही कथा सांगून शास्ते भगवान संतप्त भिक्षूंना म्हणाले, "विहाराला आमराई देऊन ती परत हिसकावणारा श्रेष्ठी विसाख हाच तेव्हाचा राजा. त्याला भरीला घालणारा त्याचा कारभारी म्हणजे कालसेन. भिक्षुणी मेत्तिका ही सावळी होती, आणि तो गवा मीच होतो. अंग रागाने पेटलेले असता खरे ते तोंडावर बोलावे आणि शिंग आवरावे. हीच क्षांती."