घाटावरचा दंड

“...पण मुळात माणूस कसा असतो, महाराज? चांगला की वाईट?”

अचलगिरी गोसावी घाटाच्या वरच्या पायरीवर बसून गुडघ्याला रुईची गरम पानं बांधत होते. फडक्याची गाठ काही केल्या बसत नव्हती.

“विचारायला आलास, की सांगायला?”

हंबीरराव देशमुख चपापले. खरं तर ते सांगायलाच आले होते. उत्तर घरूनच ठरवून आणलं होतं, वर महाराजांची मान डोलली की झालं.

“सांगायला म्हणा हवं तर. माणूस मुळात लबाड. धाक आहे तोवर सरळ. धाक काढून घ्या, मग बघा, सख्खे भाऊ एकमेकांच्या नरड्याला हात घालतील.”

“बरं.”

“दंडाशिवाय माणूस चालत नाही, महाराज.”

“हे मात्र अगदी खरं.” गोसाव्यांनी शेजारी टेकवून ठेवलेल्या काठीवर हात ठेवला. संन्याशाची काठी ती, मठात तिला सगळे दंडच म्हणत. “मी तर पाऊलभर चालत नाही.”

घ्या! म्हाताऱ्याची ही खोड जुनीच. याच पायरीवर हंबीररावांनी लहानपणी धुळाक्षरं गिरवली होती आणि तेव्हाही सरळ प्रश्नाला सरळ उत्तर म्हणून कधी मिळालं नव्हतं. पण तेव्हा ते पोर होते. आता खोऱ्याचे देशमुख होते. वडील जाऊन वर्षही झालं नव्हतं. गादी नवी, पागोटं नवं, आणि ते मेलं पागोटं सारखं कपाळावर घसरत होतं.

“मी थट्टेला नाही आलो. आज एकाला हद्दपार करतोय.”

“दिसतंय.”

खाली, पाण्याजवळच्या चिंचेखाली म्हाळू बसला होता. हात बांधलेले. बाजूला दोन शिपाई. जरा अंतरावर त्याची बायको, डोक्यावर बोचकं, हातात शेळीचं दावं. ती रडत नव्हती. रडून झालं असावं.

नदी म्हणजे खोऱ्याची हद्द. कुणाला कायमचं घालवायचं, तर देशमुखाने स्वतः काठाशी उभं राहायचं आणि सूर्य बुडायच्या आत ‘जा’ म्हणायचं, अशी इथली रीत. एवढा एकच शब्द. तो उच्चारला की माणूस पलीकडे, घर-शेत अलीकडे, आणि परतायचं नाव नाही.

“काय केलं त्याने?”

“पाण्याची पाळी मोडली.”

गोसाव्यांनी मान वर केली. उन्हाळ्यात बंधाऱ्याचं पाणी पाटाने शेताशेतांना जायचं, ज्याच्या त्याच्या पाळीने. या खोऱ्यात पाळी मोडणं म्हणजे लहान गोष्ट नव्हे.

“भर दुपारी. सगळे जेवायला गेलेले बघून पाटाची कड कुदळीने फोडली आणि पाणी आपल्या मिरचीच्या रोपांना घेतलं.”

“पाळी कोणाची होती?”

हंबीरराव खाकरले.

“...आमच्या केळीची.”

“अस्सं.”

“कोणाची का असेना! पाळी ती पाळी.”

“मी कुठे काय म्हणालो?” गोसावी पुन्हा गाठीकडे वळले. “पकडला कोणी?”

आता हा प्रश्न येऊ नये, असं हंबीररावांना वाटत होतं. आलाच.

“कोणी नाही.”

“मग?”

“संध्याकाळी आपणहून आला चावडीवर. कुदळ पुढ्यात ठेवली. म्हणाला, सरकार, पाणी मी घेतलं. रोपं माना टाकत होती, बघवलं नाही. माझी पुढची पाळी तुमच्या केळीला घ्या.”

“आपणहून आला...”

“हो.”

“भलताच लबाड दिसतोय.”

“हसू नका, महाराज!” हंबीररावांचा आवाज चिरकला. त्याची त्यांनाच लाज वाटली आणि ते आवाज जरा उतरवून बोलू लागले. “चावडीतही सगळे असेच हसत होते. थोरले असते तर, थोरले असते तर... कान किटलेत माझे. वडिलांनी पाठीवर हात फिरवून सोडला असता, ठाऊक आहे मला. पण मी सोडला तर उद्या ज्याला त्याला कुदळ सुचेल. आणि पाटाच्या पार शेवटी ज्यांची शेतं आहेत, त्यांनी काय करायचं? त्यांच्यापर्यंत थेंब पोचायचा नाही. त्यांना वाली कोण?”

“हे तू बरोबर बोललास.”

हंबीरराव बघतच राहिले. महाराज ‘बरोबर’ म्हणाले, हे त्यांच्या उभ्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत होतं.

“म्हणजे... धाक हवाच ना?”

“तुला कोणाचा धाक आहे, हंबीरा?”

“मला?” त्यांनी पागोटं मागे सारलं. “मला कोणाचा असणार? देशमुख आहे मी.”

“अरेरे. मग खोऱ्यातला सगळ्यांत मोठा लबाड तूच की रे.”

“महाराज!”

“माझं नाही हं हे. तुझंच. धाक नाही तिथे लबाडी, असं आत्ताच म्हणालास.”

“मी नाही तसा.”

“का नाहीस?”

हंबीरराव पागोटं सावरू लागले.

पाटाचं तोंड तर त्यांच्याच वाड्यामागे होतं. मनात आणलं असतं तर सबंध उन्हाळा केळी न्हाल्या असत्या, विचारणारा कोण होता? पण तसं कधी केलं नाही. तसं करावंसं मनातही आलं नाही. का? देवाची भीती म्हणावी तर, देव्हाऱ्यासमोर ते सणावारालाच बसत. अब्रूची म्हणावी, तर देशमुखाला नाव ठेवायची कोणाची छाती नव्हती. पाटाच्या शेवटची ती भेगाळलेली वावरं डोळ्यांसमोर आली आणि उत्तर आपसूक तोंडातून गेलं.

“बघवलं नसतं.”



हा शब्द आपण कुठे ऐकला, हे हंबीररावांच्या लक्षात यायला अंमळ वेळ लागला. लक्षात आलं तसे ते खाली चिंचेकडे बघेनासे झाले.

ऊन पिवळं पडलं होतं. नदीपलीकडे कोणी गुरं हाकत घरी निघालं होतं.

“चल,” गोसावी म्हणाले, “माझी स्नानाची वेळ झाली. तुलाही खालीच जायचंय. मला घेऊन चल.” आणि त्यांनी काठी पुढे केली. “दंड धर.”

हंबीररावांनी काठी घेतली. भरीव बांबू, मुठीशी हाताळून हाताळून गुळगुळीत झालेला. हातात धरताच बरं वाटलं. ते ताठ झाले आणि काठी आपटत पायऱ्या उतरू लागले. ठक्. ठक्. खाली शिपाई लगबगीने उभे राहिले. म्हाळूही उठला. हे असं व्हायला हवं, चावडीतही असंच व्हायला हवं, असं त्यांच्या मनात आलं.

मागे वळून बघतात, तर गोसावी होते तिथेच.

“चला की, महाराज.”

“कसा चालू? दंड तू घेऊन गेलास.”

हंबीरराव चडफडत पायऱ्या चढून परत आले.

“मग घ्या हा.”

“मी घेतला तर तुझ्याकडे काय राहील?”

“...काही नाही.”

“मग राहू दे तुलाच. मला दंड दे.”

“अहो, राहू दे काय म्हणता, दे काय म्हणता? दंड तर हा—”

म्हाताऱ्याचा हात पुढे आला. काठी ओलांडून गेला. हंबीररावांच्या कोपराच्या वर, अंगरख्यावरून बोटांनी चाचपलं आणि दंड घट्ट धरला.

“हा.”

दोघे उतरू लागले. आता काठीचा ठक् ठक् असा आवाज काढायला जमेना, कारण एका अंगाला म्हाताऱ्याचा भार होता. गोसावी पायरीगणिक थांबत. हंबीररावांना थांबावं लागे. देशमुखाने असं थांबत थांबत उतरावं, शिपायांनी ते बघावं... त्यांचे कान गरम झाले. पण करणार काय, सोडवून घेण्यासारखी ती पकड नव्हती.

खालच्या पायऱ्या शेवाळलेल्या होत्या.

हंबीररावांनी काठी पुढे टेकवली, तिच्यावर भार दिला, आणि काठी सरकली. ती गेली ती गेलीच, गटांगळ्या खात पाण्यात. पाठोपाठ पागोटं. पाठोपाठ देशमुखही गेले असते तोंडावर, पण दंडात पाच बोटं रुतली आणि मागून म्हाताऱ्याने पायरीवर बसकण मारली. हंबीरराव एका पायावर गरकन फिरले, लोंबकळले, आणि उभे राहिले.



“अगं आई गं,” गोसावी म्हणाले. “रुईची पानं गेली वाटतं.”

त्यांनी दंड सोडला नव्हता.

काठी धारेला लागली होती. पागोटं तर केव्हाच दिसेनासं झालं. शिपाई एकमेकांकडे बघत राहिले, आणि तेवढ्यात म्हाळू बांधल्या हातांनी पाण्यात उतरला. गुडघाभर, मग कमरेइतका. पलीकडचा काठ त्याला आता अलीकडच्याइतकाच जवळ होता. त्याने काठी दोन्ही पंजांत पकडली, वळला, आणि परत आला.

खालच्या शेवाळलेल्या पायरीवर तो उभा राहिला. निथळत. पाय घसरत होते आणि हात बांधलेले, त्यामुळे वर चढता येईना. तिथूनच त्याने काठी वर केली.

“सरकार... तुमचा दंड.”

हंबीररावांनी काठी घेतली नाही. घेतली नाही म्हणण्यापेक्षा, हात उचलला गेला नाही. उघडं डोकं वाऱ्याला गार लागत होतं. म्हाळूची बायको शेळीचं दावं हाताला गुंडाळत होती, सोडत होती, पुन्हा गुंडाळत होती. सूर्य पलीकडच्या टेकडीला टेकला होता. ‘जा’ म्हणायची वेळ हीच. शब्द जिभेवर होता.

“महाराज,” ते हळूच म्हणाले, शिपायांना ऐकू जाऊ नये इतकं हळू, “भीती वाटते हो मला.”

“कशाची?”

“याला सोडला तर पुढे माझं कोणी ऐकणार नाही.”

“आणि घालवलास तर?”

हंबीररावांनी निथळणाऱ्या म्हाळूकडे बघितलं.

“...तर पुढे कुदळ घेऊन कोणी आपणहून चावडीवर येणार नाही.”

हे आपण बोललो, की महाराजांनी वदवलं, हे हंबीररावांना कळेना. वळून बघितलं. म्हातारा डोळे मिटून बसला होता, देशमुखाच्या दंडाला धरून, ओल्या पायरीवर आरामात.

“पण पाळी मोडली, ती मोडलीच ना, महाराज? शेवटच्या वावरांना मी काय तोंड दाखवू? तुम्हीच सांगा, याला दंड देऊ की नको?”

खालच्या पायरीवर म्हाळूचा पाय पुन्हा घसरला. त्याने कसाबसा तोल सावरला.

गोसाव्यांनी डोळे उघडले.

“दे की. नको कोण म्हणतंय? ...कुठला द्यायचा, तेवढं बघ.”